बुजवलेल्या खंदकावरून हुगळीकाठी

गेल्या पौषात कोलकात्याहून हुगळी नदीच्या पश्चिम काठावरच्या जुन्या युरोपीय वसाहती पाहायला गेले होते. त्या एका दिवसाची ही हकीकत. धागा लांबला आहे, सवडीने वाचावा. नेहमीप्रमाणे सनावळी येईलच, पण या खेपेस तिच्यात माझेही थोडे गुंतलेले आहे.

प्रबंधाच्या वाचनासाठी तीन आठवडे कोलकात्यात होते. माझा विषय मोडी लिपीच्या आरंभीच्या छपाईचा. म्हणून श्रीरामपूर पाहायचे होते, आणि एकटीने लोकलने जाण्याऐवजी एका सहलीत नाव नोंदवले. जाहिरातीत ‘एका दिवसात छोटा युरोप’ असे शब्द होते. बंडेलला पोर्तुगीज, चुंचुड्याला डच, चंदननगरला फ्रेंच, श्रीरामपूरला डॅनिश. चार देश, दुपारचे जेवण आणि परत. ही वर्णनाची तऱ्हा मला तेव्हाही खटकली होती. मनात थोडा सात्त्विक संताप बांधून निघाले, असे म्हटले तरी चालेल. वसाहतींच्या गावांकडे मोहरून पाहणाऱ्यांकडे आपण कसे पाहायचे, हे मी आधीच ठरवून ठेवले होते.

सकाळी सात वाजता धर्मतल्याहून मिनीबस निघाली. आम्ही अकरा जण. मार्गदर्शक साठीच्या घरातले, शाळेतून निवृत्त झालेले इतिहासशिक्षक; बंगाली मंडळी त्यांना मास्टरमशाय म्हणू लागली आणि मग सगळेच म्हणू लागले. बस उत्तरेकडे आचार्य प्रफुल्लचंद्र रोडला लागली, तेव्हा त्यांनी ध्वनिक्षेपक हातात घेतला आणि बाहेर काही दाखवण्याऐवजी खाली बोट केले.

“आपण आत्ता एका खंदकावरून चाललो आहोत. मराठ्यांच्या भीतीने खणलेला खंदक.”

हा मराठा खंदक पुष्कळांना नावाने माहीत असतो. १७४२ मध्ये नागपूरकर भोसल्यांचे घोडदळ बंगालमध्ये शिरले, तेव्हा कलकत्त्याच्या रहिवाशांनी कंपनीची परवानगी घेऊन शहराभोवती हा खंदक खणायला घेतला. बेत सात मैलांचा होता. सुमारे तीन मैल झाले आणि काम थांबले, कारण मराठे कलकत्त्यावर आलेच नाहीत. पुढे अर्धवट खंदकात कचरा साठू लागला आणि १७९९ मध्ये तो बुजवून त्यावर सर्क्युलर रोड झाला. बागबाजारात एका गल्लीला आजही मराठा डिच लेन म्हणतात. शत्रू आला नाही, खंदक पुरा झाला नाही, पण नाव टिकले.

“कोणी महाराष्ट्रातले आहे का?” मास्टरमशायांनी विचारले. मी हात वर केला. “कुठल्या गावच्या?”

“नागपूरच्या.”

बस क्षणभर गप्प झाली आणि मग हसली. माझ्या मागच्या आसनावरून सत्तरीतल्या एक बाई पुढे वाकल्या, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि मोठ्या आनंदाने म्हणाल्या, “ओ मा! खांटी बर्गी!” म्हणजे अस्सल बर्गी. मीही हसले. श्यामबाजारच्या पाचरस्त्यावर घोड्यावर बसलेले नेताजी दिसेपर्यंत हसतच होते.

‘बर्गी’ हा शब्द आपल्या ‘बारगीर’चा बंगाली अवतार. मराठा घोडदळात दोन प्रकारचे स्वार असत. स्वतःचा घोडा आणि हत्यार घेऊन येणारा तो शिलेदार. सरकारातून घोडा आणि हत्यार मिळालेला तो बारगीर. आपल्याकडे हा पगारपत्रकातला शब्द आहे. बंगालमध्ये तो लुटारूचा पर्याय झाला आणि अंगाईत जाऊन बसला. बाळाला झोपवताना बर्गी देशात आल्याचे, पीक गेल्याचे आणि आता सारा कुठून भरायचा याच्या काळजीचे गाणे तिथल्या घराघरांत म्हटले जाते. अंगाईत महसुलाची चिंता असावी हे मला नेहमी विलक्षण वाटत आले आहे. त्यावर मी एका परिसंवादात चार वाक्ये बोललेही होते.

पण परिसंवादात कोणी माझ्या खांद्यावर हात ठेवला नव्हता.

आमचे घर नागपुरात महालात. भोसल्यांचा वाडा पायी पाच मिनिटांवर. लहानपणी आजोबा भिंतीवरच्या नकाशावर बोट फिरवून ‘अटक ते कटक’ शिकवत. अटक दूर, पेशव्यांच्या फौजांचे. कटक मात्र आपले, रघूजीबाबांचे. बोट कटकावर थांबले की ते हलकेच वर सरकवत आणि म्हणत, “अन् इथपर्यंत चौथाईसाठी घोडे गेले.” ते ‘इथपर्यंत’ म्हणजे हा काठ.

काय घडले, ते थोडक्यात. बंगालचा नवाब अलिवर्दीखान याच्याकडून चौथाई वसूल करण्यासाठी रघूजी भोसल्यांचे सेनापती भास्करराम कोल्हटकर १७४२ च्या आरंभी बंगालमध्ये उतरले. एप्रिलमध्ये बर्द्वानजवळ त्यांनी नवाबालाच वेढले. मे महिन्यात मुर्शिदाबादेवर धाड घालून जगत्सेठाची कोठी लुटली. भागीरथी, म्हणजेच खालच्या अंगाची हुगळी, हा पूर्वेकडचा अडसर ठरला आणि नदीच्या पश्चिमेचा मुलूख बराच काळ मराठ्यांच्या टाचेखाली गेला. छावणी कटव्याला. कटव्याजवळ दाइँहाटला भास्कररामांनी थाटाने दुर्गापूजा मांडली आणि ती पुरी होण्याआधीच अलिवर्दीने रात्रीतून नदी ओलांडून छापा घातला. १७४४ मध्ये त्याने भास्कररामांना बोलणीसाठी मानकऱ्याच्या छावणीत बोलावले आणि तंबूत सरदारांसह कापून काढले. स्वाऱ्या तरी थांबल्या नाहीत. १७५१ मध्ये तह झाला. ओडिशाचा महसूल आणि वर्षाला बारा लाख रुपये चौथाई नागपूरकरांना, आणि मराठ्यांनी सुवर्णरेखा नदी ओलांडायची नाही, असा करार.

त्याच सुमारास गंगाराम नावाच्या कवीने बंगालीत एक पोथी लिहिली. तिचे नाव ‘महाराष्ट्र पुराण’. आपल्यावर पुराण लिहिले गेले आहे, याचा अभिमान वाटण्याआधी ते वाचावे. आरंभी पृथ्वी पापाच्या भाराची तक्रार करते, शिव शाहूराजाकडे निरोप धाडतो, म्हणजे मराठे येतात ते दैवी शिक्षा म्हणून. पुढे मात्र शिक्षा भोगणारे दिसू लागतात. पोथ्या घेऊन पळणारे ब्राह्मण, तराजू घेऊन पळणारे सोनार, गर्भारशी बायका. जळणारी खेडी, कापलेले हातकान, बायकांवरचे अत्याचार. देवांचा हवाला तिथे संपतो. नागपूरकरांच्या या मोहिमांवर मराठीत पुष्कळ लिहिले गेले. त्यातला भास्कररामांचा घात आपल्याला पाठ असतो. दगाच होता तो, यात शंका नाही. पण त्या तंबूपर्यंत दोन वर्षांत काय काय जळले होते, याचा पाढा आपल्याकडे क्वचितच म्हटला जातो.

असो. बस बाली पुलावरून नदीपार झाली. जाताना दिल्ली रोडने थेट सर्वांत दूरच्या बंडेलला जायचे आणि परतताना जीटी रोडने एकेक गाव घेत खाली यायचे, असा बेत होता. त्यामुळे रस्त्याचा क्रम आणि इतिहासाचा क्रम एकच झाला, ही मास्टरमशायांची करामत.

बंडेल हे नाव ‘बंदर’वरून आले. वरच्या अंगाला सरस्वती नदीवर सप्तग्राम हे बंगालचे मोठे बंदर होते. ती नदी गाळाने भरत गेली तसा व्यापार हुगळीवर सरकला आणि अकबराच्या परवानगीने सोळाव्या शतकाच्या अखेरीस पोर्तुगीज इथे बसले. १५९९ ची चर्चची परंपरा, १६३२ मध्ये शाहजहानच्या फौजेने केलेला विध्वंस, १६६० मध्ये पुन्हा बांधणी. वादळातून वाचलेल्या जहाजाची डोलकाठी, पाद्र्याला तुडवायला नकार देणारा हत्ती, या कथा भक्तिभावाने सांगितल्या जातात. हत्तीची कथा सांगताना मास्टरमशायांनी एक वाक्य मात्र जोडले. शाहजहानने हल्ला केला त्याचे एक मोठे कारण म्हणजे पोर्तुगीजांचा माणसे पकडून विकण्याचा धंदा. मग त्याने हुगळीचे हजारो लोक पकडून आग्र्याला नेले. चर्चच्या अंगणात ऊन छान होते. आम्ही कचोरी आणि बटाट्याची तरकारी खाल्ली.

बंडेल आणि चुंचुडा यांच्या मध्ये हुगळी. तिथला इमामबाडा हाजी मुहम्मद मोहसिन यांच्या दानातून १८६१ मध्ये पुरा झाला. मनोऱ्यावर चढून नदी पाहायची असा कार्यक्रम. पायऱ्या चढताना मास्टरमशाय माझ्या बाजूला येऊन हळूच म्हणाले, “इथला मोगली किल्ला तुमच्याकडे होता बरे का, काही महिने.” ते खरे आहे. १७४२ च्या उन्हाळ्यात मीर हबीबने, जो नवाबाची चाकरी सोडून मराठ्यांना मिळाला होता, युक्तीने हुगळीचा किल्ला घेतला आणि तिथे मराठ्यांचा अंमलदार म्हणून शेषराव बसले. पोर्तुगीज, डच, फ्रेंच, डॅनिश, इंग्रज या यादीत हुगळीकाठी राज्य करून गेलेला आणखी एक परका होता. सहलीच्या पत्रकात त्याचा उल्लेख नव्हता, कारण त्याने मागे एकही इमारत ठेवली नाही.

मनोऱ्यावरून नदी फार सुंदर दिसते. रुंद, सपाट, मातकट. मी तिच्याकडे पाहत उभी राहिले आणि मला आजोबांचे नकाशावरचे बोट आठवत राहिले.

चुंचुड्यावर फार थांबत नाही. डचांनी ते गाव १८२४ च्या करारानुसार इंग्रजांना दिले आणि बदल्यात सुमात्रावरचे बेंकुलेन घेतले. दोन दूरच्या बेटांमधल्या जमिनीसारखी गावांची अदलाबदल, आणि दोन्हीकडच्या रहिवाशांना विचारायचा प्रश्नच नाही. डच दफनभूमी पाहिली. गावाबाहेर शेतात सुसॅना अॅना मारिया या बाईची १८०९ ची घुमटाकार समाधी आहे. लोक तिला ‘सात साहेबांची बिबी’ म्हणतात. कागदपत्रांत तिचे दोनच नवरे सापडतात. दोनांचे सात करायला फार काळ लागत नाही, बाई श्रीमंत असली म्हणजे झाले.

इथे त्या ‘छोट्या युरोपा’विषयी एकदाच बोलून घेते. या वसाहती अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत युरोपच्या सत्तेची ठाणी नव्हत्याच. मोगल बादशहाच्या किंवा नवाबाच्या परवान्यावर चालणाऱ्या वखारी होत्या त्या. माल बंगाली विणकरांचा, भांडवल पुष्कळदा बंगाली आणि मारवाडी सावकारांचे, दुभाषे आणि कारकून इथलेच. चुंचुड्यात सतराव्या शतकाच्या अखेरीचे आर्मेनियन चर्च उभे आहे, ते कुठल्याच कंपनीचे नाही. खांबांच्या रांगा आणि हिरव्या झडपांच्या खिडक्या पुष्कळ नंतरच्या. त्यातली काही घरे तर बंगाली जमीनदारांनी हौसेने बांधलेली. या गावांना युरोप म्हणणे म्हणजे दुकानाच्या पाटीवरून दुकान ओळखणे.

चंदननगरला जेवण होते. डुप्ले पाँडिचेरीचा गव्हर्नर होण्याआधी दहा वर्षे, १७३१ ते १७४१, इथे होता. १७५७ च्या मार्चमध्ये क्लाइव्ह आणि वॉटसन यांनी इथला ओर्लेआँ किल्ला पाडला आणि तीन महिन्यांनी प्लासी झाली. पण मला त्या गावाची शेवटची गोष्ट जास्त आवडते. १९०८ मध्ये फाशी गेलेला क्रांतिकारक कन्हाईलाल दत्त इथला. १९१० मध्ये पाँडिचेरीला जाण्यापूर्वी अरविंद घोष काही आठवडे इथेच लपले, कारण फ्रेंच हद्दीत इंग्रजांचे पोलीस थेट येऊ शकत नसत. जीटी रोडवर १९३७ मध्ये बांधलेली कमान आहे, तिच्यावर स्वातंत्र्य, समता, बंधुता हे तीन फ्रेंच शब्द कोरलेले. १९४९ मध्ये सार्वमत झाले आणि सुमारे ९८ टक्के मते भारताच्या बाजूने पडली. फ्रान्सने ते मानले. गोव्याची आठवण असलेल्या माणसाला यात नवल वाटते.

जेवणानंतर स्ट्रँडवर, नदीकाठच्या बाकावर, त्या बाई माझ्या शेजारी येऊन बसल्या. सकाळपासून मी त्यांना माशीमा म्हणू लागले होते. हातात जलभरा संदेशाचा डबा. हा चंदननगरचा खास प्रकार. छेना आणि साखरेच्या संदेशात मधोमध गुलाबपाण्याचा पाक असतो, बेसावधपणे चावला तर अंगावर सांडतो. त्यांचे माहेर कटव्याजवळचे. आजी अंगाई म्हणायची. पण आजी आणखीही एक गोष्ट सांगायची, असे त्या म्हणाल्या. गावाच्या कडेला एक तळे होते. बर्गी आले तेव्हा घरातली भांडी त्यात टाकली आणि नंतर सगळी मिळाली नाहीत. माशीमांच्या लहानपणी तळे आटले की मुले चिखलात पितळेची वाटी शोधत.

“मिळाली कुणाला?”

“कुठून मिळणार? दोनशे वर्षे झाली होती!” त्या हसल्या. मग विचारले, “तुमच्याकडे पोरांना काय सांगून झोपवतात?”

“बागुलबुवा येईल म्हणतात.”

“तो कोण?”

“कोणी नाही. नुसताच बागुलबुवा.”

“बघ,” त्या म्हणाल्या, “आमच्या बागुलबुवाला गाव आहे.”

मी काहीतरी बोलू लागले. अठराव्या शतकात चौथाई ही सर्वच सत्तांची रीत होती, नवाबाच्या फौजाही रयतेला कमी नाडत नव्हत्या, कंपनीने १७७० च्या दुष्काळात जे केले ते तर... सगळे खरे होते. इतिहासाच्या वर्गात यालाच संदर्भ म्हणतात. पण बोलता बोलता माझ्या लक्षात आले की सकाळी बंडेलच्या हत्तीपाशी मी पोर्तुगीजांना हाच संदर्भ द्यायला तयार नव्हते. मी थांबले. माशीमांनी संदेशाचे चार तुकडे केले, पाक बोटांवरून ओघळला, आणि एक तुकडा माझ्या तळहातावर ठेवला.

“घे,” त्या म्हणाल्या, “तुझी चौथाई.”

श्रीरामपूरला पोचलो तेव्हा साडेतीन झाले होते. डॅनिश लोक या काठावर सर्वांत उशिरा आले. मराठ्यांशी तह करून मोकळ्या झालेल्या त्याच अलिवर्दीखानाकडून १७५५ मध्ये त्यांनी हे गाव मिळवले आणि आपल्या राजाच्या नावे फ्रेडरिक्सनगर म्हटले. १८४५ मध्ये तरंगमबाडीसह साडेबारा लाख रुपयांना इंग्रजांना विकून ते निघून गेले. १८०६ चे सेंट ओलाव्ह चर्च आणि १७८६ ची डेन्मार्क टॅव्हर्न ही खानावळ अलीकडे डेन्मार्कच्या राष्ट्रीय संग्रहालयाच्या मदतीने दुरुस्त झाली. चर्चच्या दर्शनी भागावर सातव्या ख्रिश्चन राजाची मुद्रा आहे. मंडळी खानावळीत कॉफी प्यायला वळली. मी मास्टरमशायांना म्हटले, मला कॉलेजपर्यंत जाऊन यायचे आहे, वीस मिनिटे द्या.

“तिथले ग्रंथालय आज बंद आहे.”

“ठाऊक आहे. बाहेरूनच पाहते.”

“काय पाहायचे आहे?”

मी सांगितले. त्यांनी ऐकून घेतले, मग सगळ्यांना कॉफी लवकर संपवायला लावली आणि अख्खी बस कॉलेजच्या फाटकापाशी नेली. ध्वनिक्षेपक माझ्या हातात दिला. “आता दहा मिनिटे तुम्ही बोला.”

माझ्या मोडक्यातोडक्या हिंदीत जे बोलले ते इथे नीट मांडते.

विल्यम केरी हा इंग्लंडातला जोडे शिवणारा कारागीर. धर्मप्रचारासाठी १७९३ मध्ये बंगालला आला. कंपनीला आपल्या मुलुखात मिशनरी नको होते, म्हणून १८०० च्या जानेवारीत तो डॅनिश राजाच्या आश्रयाला श्रीरामपुरात आला आणि मार्शमन व वॉर्ड या सोबत्यांसह छापखाना काढला. पुढच्या वर्षी कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजात त्याला देशी भाषा शिकवण्याचे काम मिळाले. नदीतून नावेने जाऊन येऊन तो ते करी. भाषांत मराठीही आली. त्याचा मराठीचा पंडित होता वैजनाथ शर्मा, नागपूरकडचा. १८०५ मध्ये श्रीरामपूरच्या छापखान्यातून मराठी भाषेचे व्याकरण निघाले. १८१० मध्ये मराठी-इंग्रजी कोश निघाला आणि त्यात मराठी शब्द मोडीच्या खिळ्यांनी छापले होते. हाताने, न थांबता, ओढत लिहायची ही लिपी. तिची अक्षरे सुटी करून शिशात ओतणे म्हणजे वाहत्या पाण्याच्या विटा पाडण्यासारखे. मोडीचे वर्ग केलेल्या कुणालाही त्या पानांकडे पाहून कारागिराची कीव आणि कौतुक एकदमच वाटेल.

त्या कारागिरांची परंपराही याच काठची. १७७८ मध्ये हुगळी गावात हॅलहेडचे बंगाली व्याकरण छापले गेले, तेव्हा चार्ल्स विल्किन्सच्या हाताखाली बंगाली अक्षरांचे खिळे पाडणारा होता पंचानन कर्मकार. तोच पुढे श्रीरामपूरला केरीकडे आला, आणि त्याच्यामागे त्याचा जावई मनोहर. कर्मकार म्हणजे लोहार. या लोहारांच्या अक्षरशाळेत एकामागून एक हिंदुस्थानी लिपी शिशात उतरल्या. १८१२ च्या ११ मार्चला छापखान्याला आग लागली. कागद, हस्तलिखिते, खिळे गेले, पण पोलादी ठसे राखेत सापडले आणि वितळलेल्या शिशातून अक्षरे पुन्हा ओतली गेली. मग मराठी पुस्तके पुन्हा निघू लागली. १८१४ मध्ये सिंहासनबत्तिशी, १८१५ मध्ये हितोपदेश. आणि १८१६ मध्ये ‘रघूजी भोसल्यांची वंशावळी’.

इथवर येऊन मी थांबले. हे पुस्तकाचे नाव मी शंभर वेळा टिपणात लिहिले असेल. यादीतली चौथी-पाचवी नोंद, एवढेच त्याचे स्थान होते. ते नाव या नदीपासून हाकेच्या अंतरावर, कटव्याच्या बाईंसमोर, मोठ्याने उच्चारताना माझा आवाज बसला. ज्याच्या घोडदळाच्या भयाने कलकत्त्याने खंदक खणला, त्याच्या घराण्याची वंशावळ तो खंदक बुजल्यानंतर सतरा वर्षांनी याच काठावर छापली गेली होती. नवशिक्या इंग्रज अधिकाऱ्यांना मराठी शिकवण्यासाठी. दोनच वर्षांत, १८१८ मध्ये, मराठ्यांचे राज्य बुडाले, आणि त्या मुलुखाचा कारभार पाहायला इंग्रज अधिकाऱ्यांना हीच भाषा लागणार होती. माझ्या भाषेची काही पहिली छापील पाने अशी जन्मली. तिला इथे कोणी आमंत्रण दिले नव्हते, आणि तिला सांभाळले मात्र इथल्याच हातांनी.

दिल्लीच्या एका गृहस्थांनी विचारले, की मग केरीला चांगला म्हणायचे की वाईट? मास्टरमशायांनी माझ्याऐवजी उत्तर दिले, “आधी बसमध्ये बसायचे. अंधार पडेल.”

केरीची कबर तिथून जवळच, मिशनच्या दफनभूमीत आहे. १८३४ च्या जूनमध्ये तो गेला. तिथे जायला वेळ उरला नाही आणि मला त्याचे फारसे वाईट वाटले नाही. वैजनाथ शर्मांची आठवण सांगणारी एखादी पाटी त्या वीस मिनिटांत फाटकापाशी तरी मला दिसली नाही, त्याचे वाटले.

परतीच्या वाटेवर माशीमा माझ्या शेजारी बसल्या. रिषडा, कोन्नगर, उत्तरपाडा. गिरण्यांच्या भिंती, धुके, दिवे. त्यांनी आपल्या माहेरचा पत्ता माझ्या वहीत बंगालीत लिहून दिला. दाइँहाट तिथून जवळ. भास्कर पंडिताची पूजा राहिली ती जागा गावकरी आजही दाखवतात म्हणे. “आश्विनात ये,” त्या म्हणाल्या. “पूजेला. अर्धी राहिली आहे तुमची.”

रात्री आजोबांना फोन केला. ते नव्वदीला टेकले आहेत, ऐकू कमी येते, त्यामुळे बरेचसे ओरडून सांगावे लागले. वंशावळीचे ऐकून ते खूश झाले. “छापली कोणी म्हणतेस?”

“एका इंग्रज जोडे शिवणाऱ्याने. डेन्मार्कच्या राजाच्या गावात. बंगाली लोहारांच्या अक्षरशाळेत.”

“बरं.”

मग तळ्याचे सांगितले. भांड्यांचे, वाट्यांचे. अंगाईचेही. पलीकडे बराच वेळ काही ऐकू आले नाही. मला वाटले फोन कटला.

“वाटी पितळेची होती का?” त्यांनी विचारले.

“हो. असे त्या म्हणाल्या.”

“जाशील ना आश्विनात?”

“तिकीट काढते.”

“जाताना संत्रा बर्फी घेऊन जा. दोन किलो ने. गावात मुलं असतील.”